साथीच्या दिवसांत घर निर्जंतुक करताय? या चुका टाळा

आजूबाजूला साथ पसरली की जंतुनाशक ओतताना हात सैल सुटतो. एक झाकण सांगितलं असेल तिथे चार झाकणं पडतात, आणि वास जितका उग्र तितकं घर सुरक्षित असं वाटू लागतं. मे २०२० मध्ये अमेरिकेच्या सीडीसी या रोगनियंत्रण संस्थेने ५०२ प्रौढांची पाहणी केली. त्यातल्या ३९ टक्के लोकांनी आधीच्या महिनाभरात करू नये असं काहीतरी केलं होतं: फळं-भाज्या ब्लीचने धुणं, घर पुसायचं जंतुनाशक अंगाला लावणं, त्याची वाफ हुंगणं. ही माणसं बेफिकीर नव्हती, घाबरलेली होती. म्हणून जिथे जिवाला धोका आहे, तिथूनच सुरुवात करते.

दोन रसायनं एकत्र करणं

ब्लीच म्हणजे सोडियम हायपोक्लोराइट. त्यात टॉयलेट साफ करायचं अ‍ॅसिड पडलं की क्लोरीन वायू सुटतो. व्हिनेगरनेही तेच होतं. अमोनिया असलेलं काच पुसायचं द्रावण मिसळलं तर क्लोरामाइन तयार होतात, आणि तेही फुप्फुसांना तितकेच घातक. ब्लीच आणि स्पिरिटही (म्हणजे अल्कोहोल) एकत्र करू नका.

मुद्दाम बादलीत मिसळणारे थोडे असतात. बहुतेकदा घडतं ते असं: कुणीतरी सकाळी टॉयलेटमध्ये अ‍ॅसिड टाकून ठेवतं, दुसरं कुणी दुपारी त्यावरच ब्लीच ओततं. बाथरूम छोटं, दार लावलेलं. डोळे चुरचुरायला लागले, घसा खवखवला, खोकला थांबेना, तर ‘आता एवढं घासून घेऊ’ म्हणत थांबू नका. बादली तिथेच सोडा आणि मोकळ्या हवेत या. श्वास घ्यायला त्रास होत असेल तर लगेच वैद्यकीय मदत घ्या. एका वेळी एकच रसायन, आणि ते पाण्याने पूर्ण धुतल्याशिवाय दुसरं नाही, हा नियम घरात सगळ्यांना माहीत हवा. ज्यांच्या हाती प्रत्यक्ष सफाई असते, त्यांना तर आधी.

न धुताच जंतुनाशक लावणं

मळ, तेलकटपणा, सांडलेलं अन्न यांच्याशीच ब्लीचची ताकद खर्च होते आणि विषाणू खाली सुखरूप राहतो. आधी साबणाचं पाणी, मग जंतुनाशक. फ्लू आणि कोरोनासारख्या विषाणूंभोवती मेदाचं आवरण असतं. साबण ते फोडतो. म्हणूनच घरात कुणी आजारी नसेल तर रोजच्या सफाईला साबण-पाणी पुरतं, असं मला ठामपणे सांगावंसं वाटतं. उलट्या-जुलाबांच्या साथीत गणित बदलतं. नोरोव्हायरसला असं आवरण नसतं, त्याच्यावर सॅनिटायझर फारसा चालत नाही. तिथे हात साबणानेच धुवायचे आणि जागा ब्लीचने पुसायची.

अंदाजाने ओतणं

बाटलीवर टक्केवारी लिहिलेली असते, ती वाचा. ब्लीच ५ टक्क्यांचं असेल तर २० मिली ब्लीच आणि ९८० मिली पाणी, म्हणजे ०.१ टक्क्याचं द्रावण. दाराच्या कड्या, स्विच (कापडाने, बेताच्या ओलाव्याने), नळ, फरशी यांना हे भरपूर झालं. उलटी, शौच किंवा रक्त सांडलं असेल तर आधी ते कागदाने टिपून उचला आणि मग एक भाग ब्लीचला नऊ भाग पाणी घ्या. पाणी साधंच हवं. गरम पाण्यात ब्लीच निकामी होत जातं. कालवलेलं द्रावण त्याच दिवशी संपवा. हातात मोजे घाला, खिडकी उघडी ठेवा.

स्पिरिट वापरत असाल तर साधारण ७० टक्क्यांचं. शुद्ध अल्कोहोल जास्त जालीम असेल हा समज चुकीचा आहे: ते भर्रकन उडून जातं, आणि विषाणूची प्रथिनं मोडायला थोडं पाणी लागतंच. पेटलेल्या गॅसजवळ मात्र ते नेऊ नका.

लावलं की लगेच पुसणं

जंतुनाशकाला वेळ लागतो. लेबलवर एक मिनिट लिहिलेलं असेल तर पृष्ठभाग एक मिनिट ओला दिसला पाहिजे. काही द्रावणांना १० मिनिटं लागतात. मध्येच सुकलं तर पुन्हा ओलं करा. जिथे अन्न ठेवता ती जागा नंतर साध्या पाण्याने पुसून घ्या.

घरभर फवारणी

मे २०२० मध्येच जागतिक आरोग्य संघटनेने खोल्यांमध्ये फवारणी किंवा धुरळणी नेहमीची पद्धत म्हणून करू नका, असं सांगितलं. फवारा सगळीकडे पोचत नाही, श्वासात मात्र जातो. माणसांवर तर कधीच फवारू नका. कापड द्रावणात भिजवून पुसा. रुग्णाचे कपडे धुण्याआधी झटकू नका, आणि त्याच्या खोलीत कोरडा झाडू न मारता ओल्या फडक्याने फरशी पुसा.

काही बिघडलंच तर

फरशी चिकट लागते किंवा पांढरे डाग दिसतात? प्रमाण जास्त झालंय; साध्या पाण्याने दोनदा पुसा. नळावर गंज चढतोय? ब्लीच त्यावर राहून जातंय, वेळ झाली की धुऊन टाका. हात सोलवटले असतील तर मोजे न घालता काम चाललंय.

पाण्याच्या किंवा सरबताच्या जुन्या बाटलीत जंतुनाशक भरून ठेवू नका. लहान मूल ते पिऊन बसतं. डोळ्यात उडालं तर १५ ते २० मिनिटं वाहत्या पाण्याने डोळा धुवा. पोटात गेलं तर उलटी करवू नका. तसं केल्याने घसा दुसऱ्यांदा भाजतो. मूळ बाटली सोबत घ्या आणि थेट दवाखाना गाठा, म्हणजे नेमकं काय पोटात गेलंय ते डॉक्टरांना लेबलवरून कळेल.