जपानमध्ये चित्रपट दिग्दर्शक व्हायचं तर

जुना रस्ता सरळ होता: स्टुडिओत साहाय्यक म्हणून लागायचं आणि आपला नंबर यायची वाट बघायची. अकिरा कुरोसावा १९३६मध्ये लागले, पहिला चित्रपट पडद्यावर आला १९४३मध्ये. स्टुडिओंची ती भरती कधीच आटली. आता साहाय्यकही चित्रपटागणिक करारावर काम करतात.

तरी सेटची शिस्त शिकायची तर तिथूनच. चीफ, म्हणजे पहिला साहाय्यक, वेळापत्रक सांभाळतो, दुसरा कपडेपट, मेकअप आणि गर्दीतली माणसं, तिसरा कलाविभाग आणि प्रॉपर्टी, म्हणजे सेटवरच्या वस्तू. क्लॅप, म्हणजे टेकच्या सुरुवातीला वाजवायची पाटी, सगळ्यात धाकट्याच्या हातात. काम क्षुल्लक वाटतं, पण नवखा इथेच उघडा पडतो. पाटी फ्रेममध्ये आणि फोकसमध्ये हवी, सीन-कट-टेकचे आकडे सुवाच्य हवेत. क्लोजअप असेल तर हलकेच वाजवायचं, नटाच्या नाकासमोर फटाका नको. वाजवताना पाटी हलली तर एडिटरला आवाज-चित्र जुळवताना नेमकी फ्रेम सापडत नाही. आणि बाहेर कुठून पडायचं, हे टेकआधीच ठरवून ठेवायचं.

खरा धोका पुढे आहे. उत्तम चीफ सगळ्यांनाच हवा असतो, त्यामुळे तो चीफच राहतो. त्यावर उपाय पटकथा. कुरोसावांचे गुरू काजिरो यामामोतो त्यांना लिहायलाच लावत.

दुसरी वाट स्वतःच्या फिल्मची. १९७७पासून चालणाऱ्या पिया फिल्म फेस्टिव्हलच्या स्पर्धेत वयाची किंवा लांबीची अट नाही. कियोशी कुरोसावा, शिन्या त्सुकामोतो तिथूनच पुढे आले. गाणं वापरलं असेल तर हक्क आधी मिळवा, नाहीतर चांगली फिल्म तेवढ्यासाठी अडकते. शिकायचंच तर तोक्यो कला विद्यापीठाचा योकोहामातला पदव्युत्तर चित्रपट विभाग आहे. र्‍यूसुके हामागुची तिथले. मात्र कामापुरती जपानी येत नसेल तर आधी भाषा, मग अर्ज. टीव्ही माहितीपटांतूनही जाता येतं, हिरोकाझू कोरेएदा तसेच आले.

पैशांचा अंदाज हवा? ‘वन कट ऑफ द डेड’ सुमारे ३० लाख येनमध्ये झाला आणि २०१८मध्ये अवघ्या दोन चित्रपटगृहांत लागला. तो पुढे देशभर गाजला, हा अपवाद. छोट्या थिएटरात जागा मिळाली तरी प्रसिद्धी आणि तिकीटविक्रीचा भार बराचसा तुमच्यावरच पडतो, म्हणून सगळं बजेट शूटिंगवर उडवू नका.

दुसऱ्याच्या पैशावर काम घेताना करार नीट वाचा. जपानी कॉपीराइट कायद्याच्या कलम २९नुसार चित्रपटाचा कॉपीराइट सहसा निर्मात्याकडे जातो, दिग्दर्शकाकडे नाही. टीव्ही, डिस्क, स्ट्रीमिंगचा मोबदला सही करण्याआधीच लिहून घ्या.