ॲपल क्रम्बल: मोहन तेच, फक्त थंड

हिवाळ्यासाठी घड्याळं एक तास मागे गेली की इकडे इंग्लंडात नॉटिंगहॅमला साडेचारलाच अंधार पडतो, त्यात दिवाळी आणि ५ नोव्हेंबरची बॉनफायर नाइट (शेकोट्या आणि फटाक्यांची रात्र) मागेपुढेच, म्हणजे घरी माणसं येणारच. फुलबाज्या उडवून नाकं लाल करून आत आली की हातात गरम वाटी द्यायची. गुलाबजाम असतातच हो, पण मी क्रम्बल करतो, म्हणजे खाली सफरचंदाच्या फोडी आणि वर मैदा-बटर-साखरेचा खुसखुशीत चुरा, कारण पाक-बिकाची भानगड नाही, अर्धा तास हाताचं काम आणि बाकी ओव्हन बघून घेतो.

आठ जणांना १ किलो ब्रॅम्ली सफरचंदं पुरतात. ही हिरवी, ओबडधोबड, कच्ची खाल्ली तर दात आंबतील अशी, पण शिजली की पार मऊ लगदा होतो आणि आंबटपणा टिकतो. याचं मूळ झाड आमच्या इथून जवळच साउथवेलचं, १८०९ मध्ये मेरी ॲन ब्रेल्सफर्ड नावाच्या मुलीनं बी लावलेलं, पुढे ते घर ब्रॅम्ली नावाच्या खाटकानं विकत घेतलं आणि कलमं द्यायला तयार झाला तो नाव माझंच लागलं पाहिजे या अटीवर. झाड लावलं पोरीनं, नाव लागलं खाटकाचं, असो. भारतात करणार असाल तर ग्रॅनी स्मिथ घ्या, नाहीतर सिमल्याची सफरचंदं आणि वर एक लिंबू पिळा, साखर निम्मी करा.

सालं काढून जरा मोठ्याच फोडी करायच्या, १०० ग्रॅम साखर आणि पाऊण चमचा दालचिनी पूड चोळून थेट बेकिंग डिशमध्ये. आधी शिजवायची गरज नाही. सप्टेंबरात कुंपणावरून तोडलेल्या ब्लॅकबेरी फ्रीजरमध्ये असतील तर मूठभर टाका, रंग मस्त येतो.

आता वरचा थर, खरी गंमत इथे आहे. २५० ग्रॅम मैदा, १२५ ग्रॅम बटर, चिमूटभर मीठ. शंकरपाळ्याला मोहन चोळतो ना तसंच चोळायचं, पण तिथे मोहन कडकडीत आणि इथे बटर फ्रीजमधून आत्ता काढलेलं, बारीक तुकडे केलेलं. मी पहिल्या वेळी सवयीनं बटर वितळवून ओतलं, थापलं, आणि जो काही एकसंध पत्रा तयार झाला तो पाहुण्यांसमोर सुरीनं फोडावा लागला. तर तळहात लावायचेच नाहीत, ते गरम असतात, फक्त बोटांच्या टोकांनी. जाडसर रव्यासारखं दिसलं, मध्ये मध्ये वाटाण्याएवढे गोळे राहिले, की थांबा, ते गोळेच नंतर खुसखुशीत होतात. मग १२५ ग्रॅम डेमेरारा (जाड दाण्याची तपकिरी) साखर आणि मूठभर ओट्स मिसळायचे. फळांवर नुसतं भुरभुरवा, दाबू नका.

पंख्याच्या ओव्हनला १८० अंश सेल्सिअसवर ४० मिनिटं, वरून बदामी आणि कडेनं रस बुडबुडत वर आला की झालं. खाली एक ट्रे ठेवाच, तो रस ओव्हनच्या तळाला जळला की खरवडताना रडू येतं. काढल्यावर १० मिनिटं तसाच राहू द्या, जीभ भाजते.

सोबत कस्टर्ड. आपल्याला कस्टर्ड म्हणजे केळी-डाळिंब घातलेलं थंडगार माहीत, इथे मात्र वाफाळतं ओततात. बर्ड्‌स कंपनीच्या कस्टर्ड पावडरमध्ये अंडं नसतं, बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्डनं १८३७ मध्ये ती काढलीच मुळी बायकोला अंडं चालत नव्हतं म्हणून, त्यामुळे आमच्या सासूबाईही बिनधास्त दुसरी वाटी घेतात.

मंडळाच्या कार्यक्रमाला न्यायचा असेल तर वरचा चुरा आठवडाभर आधी करून पिशवीत भरून फ्रीजरला टाका, न वितळवताच फळांवर घालायचा. उरलाच तर मायक्रोवेव्हमध्ये गरम करू नका, वरचा थर लिबलिबीत होतो, ओव्हनमध्येच १५० वर १५ मिनिटं, नाहीतर माझ्यासारखा सकाळी थंडच, वर दही घालून.