मुंबईत प्रीमियम सेडानसाठी बदली चाके निवडताना

मर्सिडीज सी-क्लास, बीएमडब्ल्यू ३ सिरीज, ऑडी ए४ किंवा स्कोडा सुपर्ब यांसारख्या मोटारींची चाके मोठी असतात आणि त्यांवरचे टायर बुटके असतात. मुंबईच्या पावसाळ्यात हा मेळ फार लवकर उघडा पडतो. पाण्याने भरलेल्या खड्ड्याची खोली दिसत नाही, उखडलेल्या पेव्हर ब्लॉकची कड टायर पुरता चेपते आणि धक्का थेट रिमवर येतो. त्यानंतर चाक बदलण्याची वेळ आली, की बहुतेक जण आधी डिझाइन बघतात, मग किंमत विचारतात आणि मापांचा विषय दुकानदारावर सोडतात. हा क्रम उलटा असायला हवा, कारण चाक मोटारीला नीट बसते की नाही हे काही थोड्या आकड्यांवर ठरते आणि ते आकडे मालकाला स्वतः तपासता येतात.

सर्वप्रथम बदलीची खरोखर गरज आहे का, ते पाहावे. रिमची आतली कड किंचित वाकली असेल, तर चांगल्या यंत्रावर ती सरळ करून घेता येते. मात्र तडा गेलेली मिश्रधातूची रिम वेल्डिंग करून पुन्हा वापरणे मला मान्य नाही, कारण वेल्डिंगच्या उष्णतेने आजूबाजूच्या धातूची मजबुती कमी होते आणि पुढचा तडा त्याच जागेच्या बाजूने जाण्याची शक्यता राहते. एकच चाक निकामी झाले असेल, तर मोटारीचा चॅसी नंबर देऊन त्याच पार्ट नंबरचे मूळ चाक मागवावे. पुढचे सर्व विवेचन चारही चाके बदलायची असतील, तेव्हासाठी आहे.

जुने चाक उतरवून त्याची मागची बाजू स्वच्छ पुसली, की आऱ्यांच्या मागे किंवा हबला (मोटारीच्या ज्या फिरत्या भागावर चाक बसते त्याला) टेकणाऱ्या भागाजवळ कोरलेली मापे सापडतात. ‘७.५ जे × १७, ईटी ३७’ असे लिहिले असेल, तर रिमची रुंदी साडेसात इंच, व्यास १७ इंच आणि ऑफसेट (याचा अर्थ पुढे येतो) ३७ मिलिमीटर असा त्याचा अर्थ होतो. टायरची मान्य मापे आणि हवेचा दाब चालकाच्या दाराच्या चौकटीवरील किंवा इंधनाच्या झाकणामागील पट्टीवर दिलेले असतात. या दोन्हींचे छायाचित्र काढून ते खरेदीच्या वेळी जवळ ठेवावे.

पहिला निर्णायक आकडा पीसीडीचा, म्हणजे बोल्टची छिद्रे ज्या वर्तुळावर असतात त्याच्या व्यासाचा. मर्सिडीज, ऑडी आणि स्कोडा सुपर्ब यांचा पीसीडी ५ × ११२ आहे, टोयोटा कॅमरीचा ५ × ११४.३ आणि व्होल्वो एस९०चा ५ × १०८. बीएमडब्ल्यूच्या बाबतीत विशेष सावध राहावे लागते. ३ सिरीजच्या एफ३० पिढीपर्यंत हे माप ५ × १२० होते, तर २०१९ मध्ये भारतात आलेल्या जी२० पिढीत ते ५ × ११२ झाले. त्यामुळे ‘चाक बीएमडब्ल्यूचेच आहे’ एवढ्या आश्वासनावर जुनी चाके घेतली, तर ती नव्या मोटारीला बसणारच नाहीत. ५ × ११२ आणि ५ × ११४.३ यांत फरक थोडा असल्यामुळे काही ठिकाणी बोल्ट जोर लावून बसवून देतात. प्रत्यक्षात तेव्हा प्रत्येक छिद्र १.१५ मिलिमीटर सरकलेले असते, बोल्ट आपल्या बैठकीत पूर्ण टेकत नाही आणि धावत्या मोटारीत तो हळूहळू सैल होऊ शकतो. असे चाक फुकट मिळाले तरी घेऊ नये.

पीसीडी जुळला तरी मधल्या भोकाचा प्रश्न उरतोच. ऑडी ए४, सी-क्लास आणि जी२० यांच्यासाठी ते भोक ६६.६ मिलिमीटरचे लागते, सुपर्बला ५७.१ मिलिमीटरचे आणि एफ३०ला ७२.६ मिलिमीटरचे. भोक हबपेक्षा लहान असेल, तर चाक चढणारच नाही. ते मोठे असेल, तर मधली पोकळी भरून काढणारी अचूक मापाची रिंग घालावी लागते, म्हणजे चाक हबवर बरोबर मध्यभागी बसते. ही रिंग गाळली, तर बॅलन्सिंग कितीही चांगले केले तरी वेग वाढताच स्टिअरिंग थरथरण्याचा त्रास मागे लागू शकतो.

बोल्टची बैठक, म्हणजे बोल्ट चाकाला जिथे टेकतो तो भाग, ही अनेकदा राहून जाणारी बाब आहे. मर्सिडीज आणि ऑडीच्या मूळ चाकांना गोलाकार बैठकीचे बोल्ट असतात, बीएमडब्ल्यूला शंकूच्या आकाराचे असतात आणि बाजारातील बहुसंख्य इतर चाकांनाही शंकूचेच लागतात. गोल बैठकीचा बोल्ट शंकूच्या खाचेत आवळला, तर तो फक्त एका बारीक कडेवर टेकतो, आणि टॉर्क रेंचवर (ठरलेल्या जोराने बोल्ट आवळणाऱ्या पान्यावर) आकडा बरोबर दिसत असतानाही पकड अपुरी राहते. म्हणून नव्या चाकांसोबत त्यांना जुळणारे, त्याच आट्यांचे आणि योग्य लांबीचे बोल्ट घ्यावेत. स्टेपनी मूळ चाकाची असेल, तर तिच्यासाठी मूळ बोल्टचा एक संच डिकीत जपून ठेवावा.

ऑफसेट म्हणजे हबला टेकणारा पृष्ठभाग चाकाच्या मध्यरेषेपासून किती मिलिमीटर सरकलेला आहे, ते अंतर. आकडा वाढला की चाक आत जाते, कमी झाला की बाहेर येते. रुंदी आणि ऑफसेट यांचा हिशोब नेहमी एकत्र करावा. वर दिलेल्या साडेसात इंची, ईटी ३७ च्या चाकाऐवजी ८ जे, ईटी ३० चे चाक घेतले असे समजू. साडेसात इंच म्हणजे १९०.५ मिलिमीटर, त्याचे अर्धे ९५.२५, आणि त्यातून ३७ वजा केले की बाहेरच्या बाजूला ५८.२५ मिलिमीटर उरतात. आठ इंच म्हणजे २०३.२, त्याचे अर्धे १०१.६, आणि त्यातून ३० वजा केले की ७१.६. म्हणजे नवे चाक १३ मिलिमीटरहून अधिक बाहेर येते, आतली बाजू मात्र जवळपास तिथेच राहते. एवढे अंतर मडगार्डच्या कडेला टायर घासण्यासाठी पुरेसे ठरू शकते, विशेषतः मागच्या सीटवर तिघे बसलेले असताना आणि मोटार गतिरोधकावरून उतरताना. मुंबईत याला आणखी एक बाजू आहे. अनेक इमारतींमधल्या यांत्रिक पार्किंगच्या तबकांना दोन्ही बाजूंनी उंच कडा असतात, आणि टायरच्या बाहेर आलेली रिम त्या कडांना रोज घासते. मूळ ऑफसेटपासून पाच मिलिमीटरहून अधिक दूर जाऊ नये, असे माझे मत आहे. स्पेसर, म्हणजे हब आणि चाक यांच्यामध्ये घालायची चकती, लावून फरक भरून काढण्याचा मार्ग तर टाळावाच.

आता व्यासाकडे वळू, कारण मुंबईकराने सर्वाधिक विचार इथे करायला हवा. टायरवरच्या २२५/५० आर १७ या मापात २२५ ही मिलिमीटरमधली रुंदी, ५० ही त्या रुंदीच्या टक्क्यांतली भिंतीची उंची आणि १७ हा रिमचा इंचांतला व्यास असतो. या टायरची भिंत ११२.५ मिलिमीटर उंच असते, २२५/४५ आर १८ ची सुमारे १०१ आणि २२५/४० आर १९ ची अवघी ९०. तिन्ही टायरचा एकूण व्यास अनुक्रमे ६५६.८, ६५९.७ आणि ६६२.६ मिलिमीटर भरतो. हा फरक एक टक्क्याच्या आतला असल्यामुळे स्पीडोमीटर किंवा एबीएसला अडचण येत नाही. अडचण येते ती १७ वरून १९ वर जाताना गमावलेल्या साडेबावीस मिलिमीटर रबराची आणि हवेची. खड्ड्याच्या कडेवर टायर आदळतो, तेव्हा रिम वाचवण्याचे काम हीच उंची करते. मोठी रिम बहुधा जडही असते, आणि स्प्रिंगखालचे हे वाढीव वजन सस्पेन्शनला प्रत्येक धक्क्यात सोसावे लागते. मोठ्या चाकाने वळणावर मोटार अधिक नेमकी वाटते, हे खरे आहे. पण मुंबई–पुणे द्रुतगती मार्गावर आणि अटल सेतूवर मोटारींची कमाल वेगमर्यादा ताशी १०० किलोमीटर आहे, आणि रोजचा प्रवास सायन, साकीनाका किंवा घोडबंदर रोडच्या वाहतुकीतला असतो, तेव्हा त्या नेमकेपणाचा उपयोग क्वचितच होतो.

म्हणून माझा आग्रह असा, की उत्पादकाने आपल्या मॉडेलसाठी मान्य केलेल्या मापांपैकी, ब्रेकवर अडचण न येता बसणारे सर्वांत लहान माप निवडावे. १८ इंची चाके असलेल्या सेडानला १७ इंची मान्य असतील, तर पावसाळ्यात हा बदल स्पष्ट जाणवतो. मात्र मोठ्या ब्रेकच्या आवृत्तीवर लहान रिम कॅलिपरला (ब्रेकची चकती पकडणाऱ्या भागाला) अडू शकते, त्यामुळे सर्व्हिस सेंटरमध्ये चॅसी नंबरवरून खात्री करून घ्यावी आणि एक चाक प्रत्यक्ष लावून हाताने फिरवून पाहावे. पुढे-मागे वेगळ्या रुंदीचे टायर असलेल्या मोटारींत, उदाहरणार्थ पुढे २२५/४५ आर १८ आणि मागे २५५/४० आर १८ असताना, दोन्ही मापे जोडीनेच बदलावी लागतात. चारही चाकांना ताकद देणारी क्वाट्रो, ४मॅटिक किंवा एक्सड्राइव्ह यंत्रणा असल्यास चारही टायरचा परीघ उत्पादकाने ठरवलेल्या प्रमाणात राहणे अत्यावश्यक आहे.

चाकाची भारक्षमताही हिशोबाने पाहावी. मोटारीच्या पट्टीवर प्रत्येक आसाची कमाल मर्यादा दिलेली असते. मागच्या आसाची मर्यादा ११८० किलो असेल, तर प्रत्येक चाक किमान ५९० किलो पेलणारे हवे. गणपतीला पाच जण आणि डिकीभर सामान घेऊन कोकणात निघालेली मोटार या मर्यादेच्या बरीच जवळ जाते. टायरवरचा ९१ हा निर्देशांक ६१५ किलो आणि ९४ हा ६७० किलो दर्शवतो. चांगल्या रिमवर तिची भारक्षमता किलोमध्ये कोरलेली असते. ती नसेल आणि विक्रेत्यालाही सांगता येत नसेल, तर ते चाक बाजूला ठेवावे.

बनावटीचे मुख्य प्रकार तीन आहेत. ओतीव रिम सर्वांत स्वस्त. फ्लो-फॉर्मिंग पद्धतीत ओतलेल्या रिमचा बाहेरचा घेर तापवून आणि दाबाखाली फिरवून ताणला जातो, त्यामुळे ती कमी वजनात अधिक मजबूत होते. घडीव रिम सर्वांत हलकी, भक्कम आणि महाग. मुंबईच्या वापरासाठी फ्लो-फॉर्मिंगची रिम मला सर्वांत समतोल वाटते. जेडब्ल्यूएल ही खूण जपानी मानकाची असून ती उत्पादक स्वतः घोषित करतो, तर व्हीआयए ही खूण स्वतंत्र तपासणीनंतर मिळते. भारतात मिश्रधातूच्या चाकांसाठी आयएस १६१९२ हे मानक आहे. या खुणा नकली चाकांवरही उमटवता येतात, म्हणून निर्मात्याचे नाव असलेले पक्के बिल घेतल्याशिवाय व्यवहार करू नये. कुर्ला–कलिना भागातल्या सीएसटी रोडवर वापरलेली चाके मिळतात आणि त्यांत मूळ चाकेही असतात. ती घ्यायचीच असतील, तर टायरविना बॅलन्सिंग यंत्रावर फिरवून डगमग तपासावी, आतल्या कडेवर वेल्डिंग किंवा जाड रंगाचा थर आहे का ते पाहावे, आणि विक्रेता या तपासणीला तयार नसेल तर व्यवहार सोडून द्यावा.

रंगाच्या थराचा विचार समुद्राकाठच्या शहरात दुय्यम मानता येत नाही. डायमंड-कट रिमचा चकाकता भाग म्हणजे उघडा ॲल्युमिनियम आणि त्यावर पारदर्शक लाखेचा पातळ थर असतो. फुटपाथच्या कडेला घासून हा थर फाटला, की खारी हवा आणि दमटपणा त्याखाली शिरतात आणि पांढऱ्या रेषांसारखा गंज पसरू लागतो. पुन्हा कातकाम केले तर दरवेळी धातू कमी होतो, त्यामुळे ते अमर्याद वेळा करता येत नाही. वरळी, वांद्रे किंवा वर्सोव्याला मोटार उघड्यावर उभी राहत असेल, तर पावडर कोटिंग केलेली एकरंगी रिमच घ्यावी.

मूळ टायर रनफ्लॅट, म्हणजे हवा गेल्यावरही काही अंतर चालणारे असतील आणि मोटारीत स्टेपनी नसेल, तर नवी रिमही रनफ्लॅटला योग्य, म्हणजे टायर जागच्या जागी धरून ठेवणाऱ्या उंच उंचवट्याची असावी. अशा रिमवर ईएच२ ही खूण असते. हवेचा दाब मोजणारे सेन्सर व्हॉल्व्हमध्ये असल्यास ते नव्या रिममध्ये बसतात का, हेही आधी विचारावे. टायर उपलब्ध आहेत का, ते चाकाचे पैसे देण्यापूर्वी पाहावे, कारण जून २०२० पासून अनेक प्रकारच्या नव्या टायरच्या आयातीवर निर्बंध आहेत आणि अनवट मापांसाठी थांबावे लागू शकते.

मोटार वाहन कायद्याच्या कलम ५२ मुळे नोंदणीतील तपशिलाशी विसंगत ठरणारे बदल करता येत नाहीत, आणि विमा कंपनीलाही बदल कळवणे मालकाच्याच हिताचे असते. मान्य मापात राहिल्यास दोन्हीकडे प्रश्न उद्भवण्याचे कारण उरत नाही. साध्या सर्वंकष पॉलिसीत टायरच्या नुकसानीची भरपाई मोटारीचेही त्याच वेळी नुकसान झाले असेल तरच आणि निम्म्यापर्यंतच मिळते, त्यामुळे टायर व रिमचे स्वतंत्र संरक्षण घेणे मुंबईत विचार करण्याजोगे आहे.

चाके बसवताना हबवरचा गंज तारेच्या ब्रशने काढून घ्यावा. बोल्ट आधी हाताने फिरवावेत, मग समोरासमोरच्या क्रमाने टॉर्क रेंचने आवळावेत. हवेच्या बंदुकीने एका दमात आवळू देऊ नये. लागणारा टॉर्क मॉडेलनुसार साधारण १२० ते १५० न्यूटन-मीटर असतो आणि नेमका आकडा मोटारीच्या पुस्तिकेत मिळतो. बॅलन्सिंग आणि अलाइनमेंट त्याच दिवशी करून घ्यावे, स्टिअरिंग दोन्ही टोकांपर्यंत वळवून टायर कुठे घासतो का ते पाहावे, आणि ५० ते १०० किलोमीटर चालवल्यावर चाके थंड असताना बोल्ट पुन्हा त्याच टॉर्कवर तपासावेत.