पुण्यात राहून बेसबॉलचा प्रोफेशनल कॅचर व्हायचं असेल तर सुरुवात कुठून करायची

बेसबॉल म्हटलं की सगळ्या पोरांना पिचर म्हणजे बॉल टाकणारा व्हायचं असतं नाहीतर लांब लांब हिट मारायच्या असतात, मास्क लावून प्लेटच्या (बॅटरच्या पायाशी असते ती पांढरी पाटी) मागे उकिडवं बसून बॉल झेलणारा कॅचर व्हायला पटकन कुणी पुढे येत नाही. मी कॉलेजच्या आणि विद्यापीठाच्या टीमला कॅचिंग केलंय, आता शाळेतल्या पोरापोरींना शिकवते, आणि माझं अगदी ठाम मत आहे की आपल्या इथल्या मुलाला या खेळात लांबपर्यंत जायचं असेल तर त्याने कॅचरचीच जागा धरावी. वरच्या लेव्हलला पिचरचा बॉल ताशी ९५ मैल म्हणजे दीडशे किलोमीटरच्या वर लागतो, तसा हात सगळ्यांचा नसतो, तो उपजतच लागतो. कॅचरची मात्र निम्मी कामं रोज घासून येतात, सोसायटीच्या पार्किंगमधे भिंतीसमोर उभं राहूनसुद्धा येतात.

आई-बाबांसाठी एक गोष्ट आत्ताच सांगून टाकते. भारतात वाढलेला एकही खेळाडू अजून मेजर लीगमधे, म्हणजे अमेरिकेतल्या सगळ्यात वरच्या लीगमधे, खेळलेला नाही. रिंकू सिंग आणि दिनेश पटेल हे उत्तर प्रदेशातले दोघं भालाफेक करणारे, २००८ च्या एका टॅलेंट शोमधून निवडले गेले आणि पिट्सबर्ग पायरेट्सने त्यांना करारबद्ध केलं, दोघंही पिचर, दोघंही खालच्या लीगमधे खेळले, वर पोचले नाहीत. तेव्हा शाळा-कॉलेज सोडून हे करायचं नाही, दोन्ही बरोबर चालवायचं.

आता कुणी कॅचर व्हावं? उंची फार महत्त्वाची नाही. फेकायचा हात उजवा पाहिजे, कारण डाव्या हाताने फेकणारा कॅचर वरच्या लेव्हलला जवळपास दिसतच नाही, डावखुऱ्या पोरांना मी पहिल्याच आठवड्यात फर्स्ट बेस (धावणाऱ्याचा पहिला थांबा) नाहीतर पिचिंगकडे वळवते, उगाच दोन वर्षं वाया घालवण्यात अर्थ नाही. बाकी टाचा न उचलता नीट उकिडवं बसता येतंय का, खुबे मोकळे आहेत का, बॉल अंगावर आला की डोळे मिटतात का, एवढं बघायचं. टाचा टेकत नसतील तर रोज थोडा वेळ मलासनात बसा, महिन्या-दोन महिन्यात फरक पडतो. पर्वतीच्या पायऱ्या चढायला चांगल्या पण धावत उतरू नका, गुडघ्यांची वाट लागते आणि कॅचरची सगळी मदार गुडघ्यांवरच असते.

क्रिकेटमधे विकेटकीपिंग केलेली पोरं पटकन शिकतात, बॉलची भीती आधीच गेलेली असते ना. पण त्यांच्या काही सवयी मोडाव्या लागतात. कीपर दोन्ही हातांनी बॉल घेतो आणि घेताना हात मागे नेतो, इथे मिट म्हणजे कॅचरचा हातमोजा फक्त डाव्या हातात, आणि उजवा हात घोट्याच्या मागे लपवलेला, कारण बॅटला चाटून आलेला बॉल उघड्या बोटांवर बसला तर बोट मोडतंच. आणि मिट मागे न्यायचा नाही, बॉल जिथे घेतला तिथेच थांबला पाहिजे. शिवाय बॅट तुमच्या तोंडासमोरून फिरत असते, क्रिकेटमधे मागे उभं राहून घेतो तसं नाही, याची सवय व्हायला वेळ लागतो तेव्हा आधी बॅटरला नुसतं उभं करा, मग कोरा स्विंग मारायला लावा, मग खरं खेळवा.

सामान. मास्क-हेल्मेट, गळ्याचा गार्ड, चेस्ट प्रोटेक्टर, शिन गार्ड, मुलांना कप म्हणजे जांघेचा गार्ड, आणि मिट. यातलं काहीही नसेल तर त्या दिवशी खऱ्या बॉलने कॅचिंग नाही, माझ्याकडे हा नियम कुणासाठीच बदलत नाही. क्रिकेटचं हेल्मेट घालून बसू नका, त्यात गळा उघडा राहतो. पैसे कमी असतील तर बाकी सामान टीमचं वापरा पण मिट स्वतःचा घ्या, कारण तो तुमच्या हाताला बसावा लागतो. कॅचरच्या मिटला वेगळी बोटं नसतात आणि पॅडिंग जाड असतं, साध्या फिल्डरच्या ग्लोव्हने भागवलं तर तळहात आणि अंगठा दोन्ही जातात. नवीन मिट दगडासारखा असतो, त्यात बॉल रोज शंभरदा मारा, रात्री बॉल आत ठेवून बांधून ठेवा, तेल अगदी थोडं. जून ते सप्टेंबर पुण्यात तो भिजणारच, तेव्हा आत वर्तमानपत्राचे बोळे घालून सावलीत वाळवा, उन्हात किंवा हेअर ड्रायरने नाही.

आता सगळ्यात महत्त्वाचं, बॉल घेणं. याला रिसीव्हिंग म्हणतात आणि मॅचमधे दुसरं काही नसलं तरी हे शंभर-दीडशे वेळा करावं लागतं. प्लेट १७ इंच रुंद असते, त्याच्या कडेला आलेला स्ट्राइक (झोनमधे, म्हणजे प्लेटच्या वर बॅटरच्या गुडघ्यापासून छातीपर्यंतच्या चौकटीत, आलेला) तुमचा मिट बाहेर वाहवत गेला तर अंपायरला 'बॉल', म्हणजे झोनबाहेरचा, वाटतो आणि तुमच्या पिचरची मेहनत फुकट जाते. म्हणून मिट आधी खाली, जमिनीजवळ ठेवायचा आणि बॉल येताना खालून वर जायचं, बाहेरच्या बॉलला बाहेरून आत यायचं. बॉल घेऊन मग मिट ओढायचा नाही, ते अंपायरला लगेच कळतं आणि तो चिडतो. हल्ली एक गुडघा टेकून बसायची पद्धत आहे कारण खालचे बॉल त्यात चांगले घेता येतात, पण लहान पोरांना मी दोन्ही शिकवते. घरी करायचं तर टेनिस बॉल भिंतीवर मारायचा आणि नुसत्या डाव्या हाताने, अंगठा खालच्या बाजूला ठेवून झेलायचा, हात हलता कामा नये. हे कंटाळवाणं आहे, आणि जो हे रोज करतो तोच पुढे जातो, मी हे इतक्या पोरांमधे बघितलंय की आता पहिल्या महिन्यातच अंदाज येतो.

२०२६ पासून मेजर लीगमधे बॉल-स्ट्राइकच्या निर्णयाला चॅलेंज करता येतं, टीमला सुरुवातीला दोन, आणि ते बॅटर, पिचर नाहीतर कॅचर यांनीच लगेच मागायचं, डगआउटमधून (टीम बसते तिथून) कुणी खूण केलेली चालत नाही. म्हणजे आता कॅचरला झोन खरोखर डोळ्यात बसलेला पाहिजे. सरावात प्रत्येक बॉलनंतर मनात निर्णय द्या आणि मागे फोन लावून नंतर ताडून बघा.

टप्पा पडून आलेला बॉल पकडायला जायचं नाही, अडवायचा. आधी मिट दोन गुडघ्यांच्या मधल्या फटीत, मग गुडघे खाली, हनुवटी छातीला, खांदे पुढे गोल, श्वास सोडा म्हणजे अंग सैल राहतं आणि बॉल उसळून लांब जात नाही. सुरुवात टेनिस बॉलने, हात मागे बांधून, नुसत्या छातीवर. बॉल हाताच्या अंतरात मेला पाहिजे. नाहीतर होतं काय, तिसरा स्ट्राइक (तीन झाले की बॅटर आउट) सुटला आणि फर्स्ट बेस रिकामा असला (किंवा दोन आउट असले) तर आउट झालेला बॅटर पळत सुटतो आणि सगळी टीम तुमच्याकडे बघत बसते. प्लेटच्या वर उंच उडालेला बॉल फिरकीमुळे मैदानाकडे परत येतो, म्हणून पाठ मैदानाकडे करून त्याच्या खाली जा, आणि मास्क बॉल दिसल्यावरच फेका, आधी नाही.

थ्रोबद्दल पोरांच्या डोक्यात एकच, जोरात फेकायचं. प्लेटपासून सेकंड बेस १२७ फूट आणि सव्वातीन इंचाच्या वर थोडं, म्हणजे जवळपास ३९ मीटर. तुमच्या मिटला बॉल लागल्यापासून सेकंडवरच्या फिल्डरच्या ग्लोव्हमधे जाईपर्यंतचा वेळ म्हणजे पॉप टाइम, मेजर लीगमधे तो साधारण दोन सेकंद, १.९ च्या आत आला तर फारच भारी. शाळेतल्या पोरांचा अडीचच्या पुढेमागे येतो, त्यात रडण्यासारखं काही नाही. चांगल्या पिचरने हालचाल सुरू केल्यापासून बॉल प्लेटला यायला १.३-१.४ सेकंद, त्यात तुमचे दोन, म्हणजे बेस चोरणाऱ्याला (पिच पडत असताना पुढच्या बेसकडे पळणाऱ्याला) मिळतात फक्त सव्वातीन-साडेतीन सेकंद, तेव्हा एका दशांशालाही किंमत आहे. आणि हा दशांश हातात नसतो, पायात असतो. उजवा पाय पटकन आत, डावा टार्गेटकडे, बॉल उजव्या कानापाशी बदलायचा, बोटं शिवणीवर आडवी. फोनच्या स्लो मोशनमधे रेकॉर्ड करून मोजा. आणि एकाच दिवशी पिचिंग पण कॅचिंग पण असं लहान पोरांना करू देऊ नका, अमेरिकेतल्या लिटल लीगमधे ४१ किंवा जास्त पिच टाकलेल्या मुलाला त्या दिवशी कॅचिंग करता येत नाही, आपल्याकडे मात्र एकच बरं खेळणारं पोर सगळीकडे घासतात.

डोक्याचं काम शिकायचं तर मॅच बघा. न्यूयॉर्कमधे उन्हाळ्यात संध्याकाळी सातला सुरू होणारी मॅच आपल्याकडे पहाटे साडेचारला असते, साडेसहाच्या प्रॅक्टिसच्या आधी अर्धी बघून होते. बॉलकडे नाही, कॅचरकडे बघायचं, तो कुठे सरकला, बॅटरच्या पायांकडे कधी बघितलं, पिचर गडबडला की कधी उठून गेला. कुठला बॉल टाकायचा ते पिचरला सांगायला २०२२ पासून बोटांच्या खुणांऐवजी पिचकॉम नावाचं बटणांचं यंत्र आलंय पण आधी बोटांनीच शिका. तुमच्या पिचरशी रोज बोला, त्याचा कुठला बॉल आज चालत नाहीये हे त्याच्याआधी तुम्हाला कळलं पाहिजे.

उशिरा सुरुवात झाली म्हणून कुणी नाराज होऊ नका. मेजर लीगचा कॅचर माइक पियाझा, त्याला १९८८ च्या ड्राफ्टमधे (टीम पाळीपाळीने नवीन खेळाडू निवडतात तो) ६२ व्या फेरीत, १३९० व्या नंबरवर घेतलं, तो फर्स्ट बेसमन होता, कॅचिंग नंतर शिकला, त्यासाठी डॉमिनिकन रिपब्लिकमधल्या अकॅडमीत जाऊन राहिला, आणि २०१६ मधे हॉल ऑफ फेममधे गेला.

रस्ता असा. शाळेच्या स्पर्धा, त्यातून जिल्हा-विभाग-राज्य, मग नॅशनल, कॉलेजला आंतरविद्यापीठ. स्पर्धांच्या तारखा जिल्हा क्रीडा कार्यालयात विचारा. सर्टिफिकेट जपून ठेवा, महाराष्ट्रात सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे, त्यासाठी पडताळणी लागते आणि कुठली स्पर्धा चालते ते आधी तपासा. पुढे बाहेर जायचं तर दुबईच्या बेसबॉल युनायटेड लीगमधे मुंबई कोब्राज नावाची टीम आहे, तिकडे लक्ष ठेवा. मुलींसाठी अमेरिकेत विमेन्स प्रो बेसबॉल लीग आलीय, २०२५ मधे ट्रायआउट झाल्या, बोस्टन, न्यूयॉर्क, लॉस एंजेलिस आणि सॅन फ्रान्सिस्को अशा चार टीम. मी शिकत होते तेव्हा मुलींना दाखवायला असं काहीच नव्हतं. मेजर लीगच्या टीम परदेशातल्या मुलांना सोळाव्या वर्षापासून साइन करू शकतात, ड्राफ्टमधे मात्र अमेरिका, कॅनडा नाहीतर पोर्तो रिकोत राहणाऱ्यांना किंवा शिकणाऱ्यांनाच जाता येतं, म्हणून माझ्या मते आपल्या मुलांसाठी तिथलं दोन वर्षांचं कॉलेज हा जास्त बरा मार्ग, शिक्षण तरी हातात राहतं.

पैसे? २०२३ च्या करारानुसार ट्रिपल-ए म्हणजे मेजरच्या एक पायरी खाली वर्षाला किमान ३५,८०० डॉलर, अगदी खालच्या रुकी लेव्हलला १९,८००. मेजरमधे २०२६ चा किमान पगार ७,८०,००० डॉलर, पण ३० टीम आणि प्रत्येकीत बहुतेक दोनच कॅचर, म्हणजे सगळ्या जगात साठेक जागा. दुखापतीही आहेत. कॅचर बस्टर पोझीचा पाय २०११ मधे पळत आलेल्या खेळाडूशी प्लेटवर झालेल्या धडकेत मोडला, त्यानंतर २०१४ मधे धडकेचा नियम बदलला. जो मावरला २०१३ मधे डोक्याला मार बसला आणि तो पुन्हा नियमित कॅचिंगला बसला नाही, फर्स्ट बेसला गेला. डोक्याला बॉल लागून गरगरलं तर पोराला लगेच बाहेर काढा आणि डॉक्टरने सांगेपर्यंत बसवू नका, फायनल असली तरी. खेळ संपल्यावर मात्र कॅचरला मागणी असते, बुलपेन कॅचर (पिचर वॉर्मअप करताना बॉल घेणारा), कोच, मॅनेजर (टीमचा मुख्य कोच). ब्रूस बोची कॅचरच होता, मॅनेजर म्हणून चार वर्ल्ड सिरीज (मेजर लीगची फायनल) जिंकला.

कॉलेजच्या कोचला पाठवायचा व्हिडिओ तीन मिनिटांच्या आत ठेवा. सेकंडला पाच-सहा थ्रो न कापता, बाजूने, दोन्ही टोकं दिसतील असे. रिसीव्हिंग पिचरच्या मागून, ब्लॉकिंग समोरून, मग बॅटिंग. गाणं लावू नका, मिटमधे बॉल बसल्याचा आवाज त्यांना ऐकायचा असतो. सुरुवातीला नाव, जन्मवर्ष, उंची, वजन, पॉप टाइम, बारावी कुठल्या साली, आणि हा व्हिडिओ दर सहा महिन्यांनी नवीन करून परत पाठवा.