गोफण: वेणी, फट आणि एकच फेरा

गोफणीला मी सुतळीच घेतो. नायलॉन दिसायला छान, पण गुळगुळीत. ऐन वेळी चिमटीतून निसटतो.

सव्वादोन मीटरचे सहा पदर घ्या. विणताना दोर आखडतो, म्हणून एवढे. दोन-दोन पदरांची जोडी करून केसांची घालतात तशी तीनपेडी वेणी घाला. सुरुवातीलाच मधलं बोट जाईल एवढा फास ठेवा. 70 सेंटिमीटर झाले की पदर तीन-तीन वाटून दोन बारीक वेण्या घाला, 10 सेंटिमीटरनंतर पुन्हा एकत्र आणा. मधल्या फटीत दगड बसतो. या दोन वेण्या सारख्याच हव्यात. माझी पहिली गोफण इथेच वाकडी झाली नि प्रत्येक दगड डावीकडे जायचा. उरलेली बाजू तेवढीच विणून टोकाला गाठ मारा.

फास बोटात, गाठ अंगठा नि तर्जनीच्या चिमटीत. डोक्यावरून एकच फेरा. गरगर फिरवणं सिनेमात शोभतं, नेम त्याने सुधारत नाही. हात निशाण्याकडे आला की चिमूट सोडा. सुरुवातीला टेनिसचा चेंडू वापरा नि मैदान पूर्ण मोकळं असू द्या, मागची बाजूसुद्धा. माझा पहिला दगड मागेच गेला होता.

जमलं की लांबी बदलून बघा. प्राचीन काळी स्पेनजवळच्या बॅलिएरिक बेटांवरचे गोफणदार लांब-आखूड अशा तीन गोफणी बाळगत. ग्रीक तर शिशाच्या गोळ्यांवर ‘हे घे’ असं कोरून पाठवत!