मॉल आणि सुपरमार्केटमधल्या कामगारांची युनियन: पुढारपण कसं उभं राहतं

कारखान्यातली युनियन फाटकावर उभी राहते. पाळी सुटली की माणसं एकदम बाहेर पडतात आणि तिथेच फाटकसभा होते. सुपरमार्केटला असं फाटकच नसतं. तीस-चाळीस माणसं तीन-चार वेगळ्या वेळांना येतात, त्यातली बरीच एजन्सीच्या हजेरीवर असतात, आणि दिवाळी संपली की निम्मे चेहरे बदललेले असतात. त्यामुळे दुकान हे युनियनचं घर धरलं, तर ते दरवर्षी रिकामं होतं. घर शहर धरा. एका साखळीतली मुलगी दुसऱ्या साखळीत लागली तरी तिची सभासद पावती चालू राहिली पाहिजे.

नोंदणीचा कायदाही याच बाजूने आहे. निदान ७ सभासद हवेत, आणि आस्थापनेतल्या किंवा उद्योगातल्या कामगारांपैकी १० टक्के किंवा १०० जण, यातला जो आकडा कमी असेल तो. एका दुकानापुरती युनियन सात जणांत होते, पण दोघं सोडून गेले की नोंदणीच धोक्यात येते. संपूर्ण शहरातला किरकोळ विक्री उद्योग कार्यक्षेत्र म्हणून घातला तर १०० पुरतात. दीडशे जमल्याशिवाय अर्ज करू नका. वरचे पन्नास ही गळतीची तजवीज.

सुरुवात मात्र आपल्याच दुकानातून, एका वहीने होते. प्रत्येक माणसापुढे पाच रकाने: नाव, विभाग (कॅश काउंटर, शेल्फ, भाजी, गोदाम, घरपोच डिलिव्हरी), पाळी, साप्ताहिक सुट्टीचा वार, आणि पगार कोण देतं. शेवटचा रकाना सर्वांत महत्त्वाचा. शाम्पूच्या रॅकपाशी उभा असलेला प्रमोटर दुकानाचा कामगार नसतो, तो ब्रँडचा किंवा ब्रँडच्या एजन्सीचा असतो. सिक्युरिटी आणि साफसफाई आणखी तिसऱ्याची. हे न तपासता दुकानमालकाला मागणीपत्र दिलं तर पहिलंच उत्तर येतं, "ही आमची माणसं नाहीत."

पदनामाचा खेळही असतो. काउंटरवर बिलं मारणाऱ्याला 'टीम लीडर' किंवा 'असिस्टंट मॅनेजर' म्हणतात आणि मग तो कामगार नाही असं सांगतात. कायदा पदनाम पाहत नाही, प्रत्यक्ष काम पाहतो. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेत पर्यवेक्षकासाठी पगाराची मर्यादा महिना १८,००० रुपये आहे. त्यावर पगार असेल आणि काम खरोखर देखरेखीचं असेल, तरच तो बाहेर. म्हणून रजा कोण मंजूर करतं, मेमो कोणाच्या सहीने निघतो, हे वहीत टिपून ठेवा.

पहिला प्रश्न कोणता उचलायचा? पगारवाढ नव्हे. ती लांबची लढाई आहे, आणि पहिल्या सहा महिन्यांत काहीच पदरात पडलं नाही तर माणसं टिकत नाहीत. तुटीच्या वसुलीचा प्रश्न घ्या. स्टॉक मोजणीत माल कमी भरला की तो आकडा सगळ्यांच्या पगारातून सारखा कापायची पद्धत बऱ्याच ठिकाणी आहे. वेतन संहितेनुसार नुकसानीची कपात ज्याच्या ताब्यात माल किंवा रोकड दिली होती त्याच्याकडूनच, त्याच्या हलगर्जीमुळे नुकसान झालं असेल तर, आणि त्याला म्हणणं मांडायची संधी देऊन करता येते. सरसकट वाटणी यात बसत नाही. तीन महिन्यांच्या पगारपावत्या, कपातीची रक्कम आणि सह्या एका कागदावर घ्या, पत्र द्या, पोच घ्या. हा प्रश्न सहसा पत्रावरच सुटतो, कारण कंपनीच्या वकिलालाही तो लढवण्यासारखा वाटत नाही.

दुसरा प्रश्न तासांचा. महाराष्ट्राच्या २०१७च्या दुकाने कायद्यात २०२५ साली दुरुस्ती झाली. दिवसाचे कमाल तास ९ वरून १० झाले, तिमाहीतला ओव्हरटाइम १२५ वरून १४४ तासांवर गेला, आणि कायदा १० ऐवजी २० कामगारांपासून पूर्ण लागू होतो. आठवड्याची ४८ तासांची मर्यादा आणि ओव्हरटाइमला दुप्पट दर मात्र कायम आहेत. शटर पडल्यावर माल लावण्यात जाणारा पाऊण तास मशीनवरच्या हजेरीत येतच नाही, कारण अंगठा आधी मारून घेतात. मोबाइल लॉकरमध्ये ठेवायला लावत असतील तर रोज घरी गेल्यावर डायरीत आत गेल्याची आणि बाहेर पडल्याची वेळ लिहायला सांगा. पाच जणांच्या जुळणाऱ्या डायऱ्या हा चांगला पुरावा ठरतो.

बसायला स्टूल ही मागणी किरकोळ समजू नका. कोझिकोडच्या दुकानांतल्या बायकांना घेऊन कार्यकर्त्या पी. विजी यांनी आधी स्वच्छतागृहाचा आणि मग बसण्याच्या हक्काचा प्रश्न लावून धरला. २०१८ साली केरळने दुकाने कायदा बदलून तो हक्क दिला, आणि २०२१ मध्ये तमिळनाडूनेही. बारा तास उभं राहून पोटऱ्या धरलेल्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही.

बैठका चुकीच्या वेळी ठेवल्याने बऱ्याच युनियन मरतात. रात्री साडेदहाला बायका थांबू शकत नाहीत. पाळीबदलाच्या तासात, दोन तुकड्यांत, दुकानापासून लांब भेटा. महिन्याची १ ते ७ तारीख टाळा; घरोघरचा किराणा तेव्हाच भरला जातो आणि कुणाला श्वास घ्यायला फुरसत नसते. व्हॉट्सॲप ग्रुपवर फक्त वेळ आणि जागा. नावं आणि नाराजी तिथे गेली की ती दुसऱ्या दिवशी मॅनेजरच्या फोनवर असतात.

कंपनीला सुगावा लागला की बडतर्फीच्या पत्राऐवजी बहुधा राजीनामा लिहून मागतात, तोही केबिनमध्ये एकट्याला बसवून. सभासदांना आधीच सांगून ठेवा: सही करायची नाही. केलीच असेल तर त्याच दिवशी "दबावाखाली लिहून घेतला" असं पत्र स्पीड पोस्टने आणि ईमेलने गेलं पाहिजे. आठवडाभराने पाठवलेल्या पत्राची किंमत फार कमी.

मागणीपत्रात आठ-दहाच मागण्या ठेवा आणि ते गणपतीच्या आसपास द्या, म्हणजे दिवाळीच्या विक्रीआधी बोलणी सुरू होतात. संपाची नोटीस निदान १४ दिवस आधी लागते. समेटाची कार्यवाही, म्हणजे सरकारी समेट अधिकाऱ्यासमोरची बोलणी, चालू असताना आणि ती संपल्यावर ७ दिवस संप करता येत नाही. सगळ्यांनी एकाच दिवशी किरकोळ रजा टाकायची जुनी युक्तीही आता चालत नाही: निम्म्या किंवा जास्त कामगारांनी ती टाकली तर कायद्याने तो संपच. एकापेक्षा जास्त युनियन असतील तर बोलणीचा हक्क ५१ टक्के सभासद असलेल्या युनियनला मिळतो.

करार कुठे होतो याला या धंद्यात फार महत्त्व आहे. कंपनीच्या ऑफिसात आपसात केलेला करार सही करणाऱ्या पक्षांपुरताच बांधील असतो. समेट अधिकाऱ्यासमोर झालेला करार आस्थापनेतल्या सगळ्या कामगारांना, नंतर लागणाऱ्यांनाही लागू होतो. जिथे वर्षात निम्मी माणसं बदलतात तिथे समेट अधिकाऱ्यासमोरचाच हवा.

पूर्णवेळ पुढारी व्हायचं असेल तर हिशेब स्वच्छ मांडा. ४०० सभासद, महिना ५० रुपये वर्गणी, म्हणजे २०,००० रुपये. त्यातूनच भाडं, छपाई, वकील आणि तुमचं मानधन. तीनशे नियमित वर्गणीदार होईपर्यंत नोकरी सोडू नका. शिवाय नोकरीत असलेल्या पदाधिकाऱ्याला 'बाहेरचा' म्हणता येत नाही. बाहेरच्यांची संख्या पदाधिकाऱ्यांच्या एक तृतीयांश किंवा ५, यातली जी कमी असेल तितकीच चालते. कायद्याचं पद्धतशीर शिक्षण हवं असेल तर परळची नारायण मेघाजी लोखंडे महाराष्ट्र श्रम विज्ञान संस्था आहे. बँक खातं युनियनच्या नावावर आणि दोन सह्यांचं ठेवा, प्रत्येक वर्गणीला छापील क्रमांकाची पावती द्या, आणि युनियनची नोंदणी करणाऱ्या निबंधकाकडे वार्षिक विवरणपत्र वेळेवर जाऊ द्या. ते चुकलं तर कंपनीला तुमच्याशी भांडायचीही गरज उरत नाही. नोंदणी रद्द करण्याची मागणी करणारा एक अर्ज पुरतो.