त्बीत: बगदादच्या यहुद्यांचा रात्रभर शिजणारा कोंबडी-भात

त्बीत शुक्रवारी दुपारी चढवतात आणि शनिवारी उघडतात. मधल्या वेळात भांड्याला कोणी हात लावत नाही. शुक्रवारच्या सूर्यास्तापासून शनिवारी रात्री तारे दिसेपर्यंत शब्बाथ, म्हणजे यहुद्यांचा आठवड्याचा विश्रांतीचा दिवस, असतो. त्या काळात विस्तव पेटवायला आणि अन्न शिजवायला बंदी असते, पण शब्बाथच्या दुपारी गरम जेवण हवंच. बंदी मोडायची नाही आणि गार जेवायचंही नाही, या अडचणीतून हा पदार्थ घडला. म्हणून कृतीतली एखादी पायरी गाळण्याआधी ती का आहे हे समजून घ्यावं. बहुतेक वेळा तिच्यामागे चव आणि धर्मनियम दोन्ही असतात.

नियमाचा गाभा असा: सूर्यास्ताआधी अन्न चांगलं निम्म्याच्या पुढे शिजलेलं असलं पाहिजे आणि विस्तव झाकलेला असला पाहिजे. जुन्या बगदादमध्ये निखाऱ्यांवर राख पसरून त्यावर भांडं ठेवत आणि वरून जाड कापड किंवा रजया गुंडाळत. राखेने आच मंदावतेच, शिवाय निखारे उकरून आग वाढवण्याचा मोह कोणाला होऊ नये हाही तिचा हेतू आहे. ही चर्चा बॅबिलोनी तालमुदात, म्हणजे यहुदी धर्मनियमांवरच्या चर्चांच्या ग्रंथात, आहे आणि तो ज्या सुरा आणि पुम्बेदिताच्या विद्यापीठांत घडला, ती फरात (युफ्रेटिस) नदीच्या खोऱ्यातच, आजच्या इराकमध्ये होती. ख्रिस्तपूर्व 6व्या शतकात जेरूसलेमहून हद्दपार होऊन आलेल्या लोकांचे वंशज तिथे अडीच हजार वर्षं राहिले. मुसलमानी सत्ता आल्यावर त्यांची घरची बोली अरबी झाली, स्वयंपाक इराकी झाला, पण शनिवारचं भांडं त्यांचं स्वतःचं राहिलं.

असंच भांडं इतर मुसलमानी मुलखांतल्या यहुद्यांकडेही आहे. मोरोक्कोत हरभरे, बटाटे, गहू, मांस आणि अंडी घालून दाफिना किंवा स्खिना करतात. येमेनमध्ये कुबाना नावाचा पाव रात्रभर भाजतात, बुखाऱ्यात ओशी सबो हा भात. कृती वेगवेगळ्या, कारण प्रत्येकाने आपल्या गावचं धान्य वापरलं. इथे फक्त बगदादची कृती आहे आणि ती दुसऱ्या कशात मिसळू नये.

साहित्य (6 ते 8 माणसांसाठी)

कोंबडी 1.2 ते 1.4 किलोची, अख्खी आणि कातडीसकट. आपल्याकडे चिकनवाला न विचारता कातडी सोलतो, म्हणून आदल्या दिवशीच सांगून ठेवा. कातडीखालची चरबीच रात्रभर भातात उतरते आणि त्याला ओलावा देते. यहुदी नियमाप्रमाणे मांसाबरोबर दूधदुभतं चालत नाही, त्यामुळे तूप किंवा लोणी घालून ती उणीव भरता येत नाही. त्याच कारणाने कोंबडी दह्यातही मुरवायची नाही.

भात एकूण 700 ग्रॅम, जुना बासमती: 600 ग्रॅम भांड्यात, 100 ग्रॅम कोंबडीच्या पोटात. इंद्रायणी आणि आंबेमोहोर एरवी कितीही आवडते असले तरी इथे नकोत. दहा तासांत त्यांचा गोळा होतो. नवा तांदूळही टाळा.

टोमॅटो 5 मोठे, पिकलेले. टोमॅटोची पेस्ट 2 मोठे चमचे. कांदे 2. तेल 4 मोठे चमचे, सूर्यफुलाचं किंवा असंच बिनवासाचं. अंडी 8. पोटात भरायला कोंबडीचा पेटा आणि हृदय, बारीक चिरून. कलेजी घालू नका: यहुदी नियमाप्रमाणे ती आधी थेट विस्तवावर भाजून रक्त काढावं लागतं.

मसाला एकत्र करून ठेवा: मिरपूड 1 चमचा, दालचिनीची पूड अर्धा, वेलचीपूड अर्धा, ऑलस्पाइस अर्धा, हळद अर्धा, लवंगेची पूड पाव चमचा आणि चिमूटभर जायफळ. लवंग पाव चमच्याच्या पुढे गेली तर रात्रभरात कडवट होते. गरम मसाला किंवा गोडा मसाला वापरला की दगडफूल, खोबरं, जिरं वर येतं आणि पदार्थ बगदादचा राहत नाही. मीठ एकूण साडेतीन चमचे. कोंबडी कोशेर, म्हणजे यहुदी नियमाप्रमाणे तयार केलेली, असेल तर ती आधीच अर्धा तास पाण्यात, तासभर मिठात ठेवून तीनदा धुतलेली असते. तेव्हा मीठ अडीच चमचेच घाला.

भांडं 6 लिटरचं, जाड बुडाचं, घट्ट झाकणाचं. कान आणि मूठ धातूची हवी.

रात्रभराची आच कुठून आणायची

यावर सगळं अवलंबून आहे. मंद गॅसवर तवा ठेवून त्यावर भांडं रात्रभर सोडणं आपल्याकडे सहज सुचतं, पण झोपलेल्या घरात गॅस पेटता ठेवू नका. वाऱ्याने ज्योत विझली तर गॅस चालूच राहतो. इंडक्शन चूल काही तासांनी आपोआप बंद पडते. प्रेशर कुकरमध्ये कोंबडी-भात वीस मिनिटांत शिजेल, पण तो त्बीत नव्हे: अंडी तपकिरी होत नाहीत आणि बुडाला खरपूड धरत नाही. स्लो कुकरमध्ये भात छान मुरतो, खरपूड मात्र धरत नाही.

सगळ्यात बरा ओव्हन किंवा ओटीजी, 100 अंशांवर. ओटीजी घेताना दोन गोष्टी बघा. झाकणासकट भांड्याची उंची मोजून ते आत मावतं का, आणि टायमरला सतत चालू ठेवण्याची खूण आहे का. ती नसेल तर तासाभराने आच बंद होईल आणि सकाळी कोमट, आंबलेला भात हाती येईल. शब्बाथ पाळणाऱ्या घरांत आता विजेचा सपाट तवा वापरतात, ज्याची आच वाढवता येत नाही. राखेचंच काम तो करतो.

कृती

सगळा तांदूळ पाणी स्वच्छ येईपर्यंत धुवा आणि अर्धा तास भिजवून निथळा. 100 ग्रॅम तांदूळ बाजूला काढून त्यात पेटा, हृदय, एक बारीक चिरलेला टोमॅटो, मसाल्याचा तिसरा हिस्सा, अर्धा चमचा मीठ आणि एक चमचा तेल कालवा. हे सारण कोंबडीच्या पोटात दोन तृतीयांशच भरा. ठासून भरलं तर तांदूळ फुगून कातडी फाटते, किंवा मधला तांदूळ कच्चा राहतो. तोंड सुईदोऱ्याने शिवा. दोरा जाड, सुती आणि पांढरा असावा, म्हणजे वाढताना काढायला सापडतो.

भांड्यात तेल तापवून कोंबडी सगळ्या बाजूंनी लालसर परता. याला 12 ते 15 मिनिटं लागतात आणि इथे घाई करू नये, कारण शेवटी भाताला येणारा गडद रंग इथूनच सुरू होतो. कोंबडी काढून त्याच तेलात कांदे तपकिरी करा, मग उरलेले टोमॅटो, पेस्ट आणि मसाला घालून तेल सुटेपर्यंत परता. कोंबडी परत ठेवा, दीड लिटर उकळतं पाणी आणि उरलेलं मीठ घाला, झाकण ठेवून मंद आचेवर 50 मिनिटं शिजवा.

आता कोंबडी ताटात काढा आणि रस्सा मोजा. तो 1.2 लिटर हवा. कमी असेल तर पाणी घाला, जास्त असेल तर आटवा. अंदाजाने चालणारे लोक नेमके इथे फसतात. रस्सा जास्त झाला तर सकाळी खिचडी मिळते, कमी झाला तर वरचा थर टणक राहतो. चवही आत्ताच घ्या. रस्सा थोडा खारट लागला पाहिजे, कारण तांदूळ मीठ ओढून घेतो आणि नंतर दुरुस्तीला वाव नाही.

रस्सा उकळला की 600 ग्रॅम तांदूळ घाला आणि एकदाच हलवा. कोंबडी छाती वर करून मध्ये ठेवा, पण तिच्या खाली तांदळाचा थर जाईल असं बघा. कोंबडी थेट बुडाला टेकली तर कातडी चिकटून जळते आणि तो जळका वास सगळ्या भातात पसरतो. पाणी वरून दिसेनासं झालं की आच मंद करा.

अंडी तासभर आधीच फ्रिजबाहेर काढून धुऊन ठेवलेली असावीत. थेट फ्रिजमधली अंडी गरम भातावर ठेवली की तडकतात. ती कवचासकट भातावर ओळीने मांडा, वर फॉइल घट्ट बसवा, झाकण लावा. झाकण सैल असेल तर कडेला कणकेची पट्टी लावा. आणखी 20 मिनिटं अगदी मंद आचेवर ठेवा आणि वाफ खळाळत असतानाच भांडं आधीच तापवलेल्या ओव्हनमध्ये घाला. गार झालेलं भांडं 100 अंशांच्या ओव्हनला वर आणायला फार वेळ लागतो आणि त्या कोमट तासांत मांस बिघडतं.

ज्यांना फक्त चव हवी त्यांना 9 ते 10 तास पुरतात: रात्री दहाला ठेवा, सकाळी आठला काढा. शब्बाथ पाळायचा असेल तर भांडं सूर्यास्ताच्या निदान तासभर आधी ओव्हनमध्ये गेलं पाहिजे, म्हणून डिसेंबरात पुण्यात दुपारी दीडच्या आत सुरुवात करा. दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत ठेवायचं असेल तर अर्धा कप रस्सा जास्त धरा आणि आच 90 अंशांवर ठेवा.

शनिवारी सकाळ

सिनेगॉगमधून (यहुद्यांच्या प्रार्थनास्थळातून) परतल्यावर आधी फक्त अंडी खातात. पांढरा बलक तपकिरी झालेला असतो, कारण त्यातली थोडीशी साखर आणि प्रथिनं दीर्घ आचेवर एकमेकांशी संयोग पावतात. हा रंग यायला कित्येक तास लागतात. सोबत शुक्रवारीच तळून ठेवलेली वांग्याची कापं, काकडी-टोमॅटो, पार्सली, पाव आणि आंबा. इस्राएलमध्ये रस्तोरस्ती मिळणारा साबीख हा याच न्याहारीचा पावात भरलेला अवतार आहे.

हा आंबा म्हणजे मुंबई-बसरा व्यापारातून तिकडे पोचलेलं कैरीचं लोणचं. आपल्यापेक्षा पातळ, तेल नसल्यासारखं, हळद-मेथी ठळक. घरी करायचं तर अर्धा किलो कैरीच्या फोडींना 3 मोठे चमचे मीठ लावून चार दिवस उन्हात ठेवा. मग हळद, मेथीपूड आणि मोहरीपूड प्रत्येकी एक मोठा चमचा, थोडं तिखट आणि अर्धा कप व्हिनेगर घालून पाच मिनिटं उकळा आणि जाडसर वाटा. मेथी आधी हलकी भाजा, नाहीतर कडूपणा वर येतो.

महाराष्ट्राशी नातं एवढ्यावरच थांबत नाही. बगदादचा वाली (सुभेदार) दाऊद पाशा याच्या जाचामुळे तिथून निघालेले व्यापारी डेव्हिड ससून 1830च्या दशकात मुंबईत स्थिरावले आणि त्यांच्यामागून आणखी बगदादी घरं आली. भायखळ्याचं मागेन डेव्हिड आणि पुण्याच्या कॅम्पातलं लाल देऊळ, म्हणजे ओहेल डेव्हिड, ही त्यांनीच बांधलेली सिनेगॉग. पुण्यात ससूनांची कबरही तिथेच आहे. आपल्या कोकणातले मराठी बोलणारे बेने इस्राएल हा वेगळा, कितीतरी आधीचा समाज. मलिदा त्यांचा, त्बीत बगदाद्यांचं. दोन्ही एकत्र करून ‘भारतीय यहुदी जेवण’ म्हणून वाढणं हा दोघांवरही अन्याय आहे. कोलकात्यातल्या बगदादी घरांत याच पदार्थाला हमीन म्हणतात.

खुद्द बगदादमध्ये 20व्या शतकाच्या सुरुवातीला सुमारे एक तृतीयांश वस्ती यहुद्यांची होती. इराकचे पहिले अर्थमंत्री सासून हेस्केल यहुदी होते. 1932च्या कैरो संगीत परिषदेला इराकचा जो वाद्यवृंद गेला, त्यात गायक मुसलमान आणि वादक यहुदी होते. जून 1941मध्ये फरहुद नावाची दंगल झाली, दोन दिवसांत शेकड्याच्या वर यहुदी मारले गेले. 1950-51मध्ये सुमारे 1,20,000 लोक नागरिकत्व सोडून विमानांनी इस्राएलला गेले, आणि मार्च 1951च्या कायद्याने त्यांची मालमत्ता गोठवली गेली. आज बगदादमध्ये शनिवारचं भांडं चढवणारं घर जवळपास उरलेलं नाही. म्हणूनच ही कृती मोजूनमापून लिहून ठेवण्याची आणि नीट करण्याची गरज आहे.

वाढणं

दुपारी भात आधी काढून परातीत पसरा. कोंबडी दोन उलथन्यांनी उचला, हाडं मांसातून निसटण्याइतकी मऊ झालेली असतात. दोरा काढून पोटातला भात वेगळा वाढा, तो सगळ्यात चविष्ट असतो. बुडाची खरपूड, तिकडची हकाका, खरवडून वर ठेवा. ती निघत नसेल तर भांड्याचं बूड पाच मिनिटं गार पाण्यात ठेवा, थर सुटतो. खरपूड काळी आणि कडू झाली असेल तर पुढच्या वेळी ओव्हनमध्ये खालची कॉइल बंद करा, किंवा भांड्याखाली दुसरा ट्रे ठेवा.

उरलेला भात पसरून गार करा आणि दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवा. दुसऱ्या दिवशी पाण्याचा हबका मारून झाकून, वाफ येईपर्यंत गरम करा. त्यानंतर पुन्हा गरम करून खाऊ नका. न सोललेली अंडी फ्रिजमध्ये चार-पाच दिवस टिकतात.